फ्लॉरेन्सचे कान

शरयूताई दामल्यांनी मला पहिल्याच भेटीत जो प्रश्न विचारला, तो भाताबद्दल होता. मी गेले होते इटालियन शिकायला. नवरा प्लान्टवर, मुलगा दुपारपर्यंत अंथरुणात, आणि शुक्रवारच्या सुट्टीची अख्खी सकाळ माझ्या अंगावर. दोहाच्या ओल्ड एअरपोर्ट भागात, आमच्याच गल्लीत एक मराठी बाई फुकटात इटालियन शिकवतात असं कळलं, तेव्हा मी फारसा विचार न करता त्यांची बेल वाजवली. दार उघडलं ते एका बुटक्या, गोलमटोल बाईंनी. एका हातात स्टीलची वाटी, दुसऱ्या हातात चमचा. मला वाटलं, नाश्ता चाललाय.

"भात कुठून आला, सांग बघू," त्या म्हणाल्या.

"कोपऱ्यावरच्या मल्याळी दुकानातून," मी म्हणाले.

"संस्कृतातून आला. मूळ शब्द भक्त. क आणि त एका दमात म्हणायला जीभ कंटाळली, भत्त झालं, मग भात झाला. आता इटालियनमध्ये दूध म्हणजे लात्ते. लॅटिनमध्ये ते होतं लाक्ते. तीच जीभ, तोच कंटाळा. झाला तुझा पहिला धडा. चपला आत घे, बाहेर ठेवल्या की वाळू भरते."

वाटी-चमच्याचा उलगडा आत गेल्यावर झाला. इटालियनमध्ये जोडव्यंजनाचं मोठं प्रस्थ. सात म्हणजे सेत्ते, आठ म्हणजे ओत्तो, आणि तो मधला त दुप्पट ऐकू आला पाहिजे. दुप्पट व्यंजन आलं की शरयूताई वाटीवर चमचा हाणायच्या. सेत्, टण्ण, ते. ओत्, टण्ण, तो. शेजारच्या फ्लॅटमधल्या इजिप्शियन कुटुंबाला बरेच दिवस वाटत होतं की इथे दर शुक्रवारी पूजा असते, आणि ते लोक त्या वेळात अदबीनं टीव्हीचा आवाज कमी करत. 'पेन्ने' ह्या पास्त्याच्या नावावर तर वाटीला पोचे पडायचे बाकी राहत. "इथे एक न कमी पडला तर हॉटेलात तोंड दाखवायला जागा राहणार नाही," एवढंच त्या सांगत. का, ते सांगत नसत. मी घरी जाऊन शब्दकोशात बघितलं आणि एकटीच लाल झाले.

वर्गात आम्ही दोघंच नियमित. एक मी, आणि दुसरे रफीकभाई परकार. हे रत्नागिरीचे, दोहात एका मोठ्या दुकानात संगमरवर आणि टाइल्स विकायचे. माल इटलीहून यायचा, म्हणून भाषा शिकत होते. तिसरे विद्यार्थी म्हणजे दामले साहेब, शरयूताईंचे यजमान. ते स्वयंपाकघरातून चहा घेऊन येताना वाटेत जेवढं कानावर पडेल तेवढं शिकत. पाच वर्षांत ते "बुओनो", म्हणजे छान, एवढं शिकले होते आणि चहापासून सिमेंटपर्यंत कशालाही तो शब्द वापरत.

शिकवायची पद्धत अशी, की इटली फळ्यावर आणि महाराष्ट्र तोंडात. शरयूताई इटलीचा बुटाच्या आकाराचा नकाशा काढायच्या आणि बोटानं टोचत जायच्या. "हे फ्लॉरेन्स. म्हणजे आपलं पुणं. माणसं मूठभर, पण अख्ख्या देशाच्या चुका काढणार. ह्यांच्यात कवी चांगले निघाले, म्हणून ह्यांचीच बोली पुढे प्रमाण ठरली. हे रोम, म्हणजे मुंबई, सगळ्यांची खिचडी. हे नेपल्स, म्हणजे कोल्हापूर, बोलायला छाती लागते. आणि हे सार्डिनिया. ह्यांच्या बोलण्याला इटालियनची बोली म्हणून बघा. गोव्यात जाऊन कोकणीला मराठीची बोली म्हणून बघा, तसंच होईल." इटली हा एक देश झाला तेव्हा त्या देशात इटालियन बोलणारे मोजकेच होते, बाकीचे आपापल्या गावचं बोलत, हे त्यांनी सांगितलं तेव्हा रफीकभाईंनी मान डोलावली. "आमच्या चाळीत पण तसंच हाय," ते म्हणाले.

"आहे," शरयूताई म्हणाल्या. "हाय नाही, आहे."

हा त्यांचा स्वभाव. एकीकडे सांगायच्या की भाषा आळशी जिभांनी घडवली, मेहनती लोकांनी नुसती व्याकरणं लिहिली. आणि दुसरीकडे कोणी 'पानी' म्हणालं की ण आणून हातात द्यायच्या. मॉलमधल्या इटालियन हॉटेलात 'ब्रुशेटा' म्हणणाऱ्या वेटरला त्यांनी इतक्या प्रेमानं 'ब्रुस्केत्ता' शिकवला होता, की तो केनियाचा वेटर त्यांना दुरून बघितलं तरी तिथूनच "ब्रुस्केत्ता, मॅडम" म्हणायचा, तेही दुप्पट त सकट. आणखी एक खोड म्हणजे दुसऱ्याचं बोलणं सांगताना त्या ते आधी स्वच्छ करून घेत. रफीकभाई म्हणाले असतील "मना नाय ठाव", तर शरयूताई आपल्याला सांगणार, "रफीकभाई म्हणाले, मला ठाऊक नाही." त्यांच्या तोंडून ऐकलं तर अख्खं दोहा सदाशिव पेठेत राहतं असं वाटायचं. स्वतः बाई नाशिकच्या.

त्यांचं इटालियन आलं होतं सिन्योरा बियांकांकडून. ह्या फ्लॉरेन्सच्या म्हाताऱ्या बाई शेजारच्या व्हिलात राहत. नवरा उंच इमारतींच्या काचांचं काम बघायला आला होता. शरयूताई त्यांना पोहे करून घालत आणि त्या शरयूताईंना क्रियापदं चालवायला शिकवत. हा व्यवहार सिन्योराबाई मायदेशी परत जाईपर्यंत सुरळीत चालला. "माझे कान फ्लॉरेन्सचे आहेत," असं शरयूताई अभिमानानं सांगत, आणि ते अगदी खरं होतं. किती खरं, ते रफीकभाईंमुळे कळलं.

झालं असं, की रफीकभाईंनी मिलानच्या व्यापाऱ्याशी फोनवर पहिल्यांदा इटालियनमध्ये बोलायचं धाडस केलं. टाइल्सची एक पेटी फुटकी आली होती. पेटीला म्हणतात कास्सा. रफीकभाईंनी वर्गात शिकल्याप्रमाणे 'ऊना हास्सा' म्हटलं.

"ताई, मी बोललो ना त्याला, तं तो खी खी हसायलाच लागला," पुढच्या शुक्रवारी ते तक्रार घेऊन आले. "मना विचारतो, फ्लॉरेन्सला किती वर्षं होतास?"

फ्लॉरेन्सकडचे लोक बोलताना मधल्या क चा ह करतात. घर म्हणजे कासा, ते म्हणणार 'ला हासा'. बाकीची इटली त्यावरून त्यांची यथेच्छ टिंगल करते. सिन्योरा बियांकांचा ह शरयूताईंनी पोह्यांच्या बदल्यात जसाच्या तसा उचलला होता आणि आम्हाला शुद्ध माल म्हणून दिला होता. मला वाटलं आता बाईंचा चेहरा पडेल. पण त्या इतक्या खूश झाल्या की उठून रफीकभाईंच्या पाठीवर थाप मारली. "म्हणजे पत्ता ओळखला त्यानं. परकार, रत्नागिरीचा माणूस मिलानला फ्लॉरेन्सचा वाटला, अजून काय पाहिजे तुम्हाला?"

"पेटी पाहिजे, ताई," रफीकभाई म्हणाले.

शरयूताईंची एकुलती मुलगी मुक्ता वर्ग सुरू होण्याच्या कितीतरी आधीच इटलीत, तोरीनोला शिकायला गेली होती आणि तिथेच नोकरीला लागली. तिनं नीनो नावाचा मुलगा पसंत केला. शरयूताईंनी विचारलेला पहिला प्रश्न, "बोलतो कसा?" तो मुक्ताला 'मुत्ता' म्हणतो असं कळल्यावर त्यांना आनंदाचं भरतं आलं. "प्राकृतात अगदी हेच झालं. आपल्याला जे करायला शेकडो वर्षं लागली ते जावयानं एका दमात केलं." मुलगा सिसिलीचा होता. फळ्यावरच्या बुटाच्या टोकापुढचं ते बेट त्यांनी आजवर नुसतं गोल काढून सोडून दिलं होतं.

दामले साहेबांच्या प्लान्टवर तेव्हा मोठं शटडाऊनचं काम निघालं, रजा मिळेना. म्हणून साखरपुडा दोहातच करायचं ठरलं. फेब्रुवारीची हवा, गच्चीवर मांडव, मोजकी माणसं. नीनोची आई, कोंचेत्ता, जन्मात पहिल्यांदा विमानात बसून येणार होती. वडील नव्हते. शरयूताईंनी विहीणबाईंच्या स्वागताची वाक्यं महिनाभर घोटली. आम्हालाही घोटायला लावली. रफीकभाईंना "प्रवास सुखाचा झाला ना?" हे दिलं होतं आणि मला "आमचं घर आपलंच समजा."

बुधवारी संध्याकाळी पाहुणे जेवायला आले. मी पुऱ्या तळायला गेले होते. कोंचेत्ताबाई काळ्या कपड्यात, उंचीनं शरयूताईंएवढ्याच, हातात घरच्या लिंबांची पिशवी. शरयूताईंनी स्वागताची चार वाक्यं अशी म्हटली की मला चमच्याचे ठोके ऐकू आले. कोंचेत्ताबाईंनी ऐकून घेतलं, तोंडभर हसल्या, आणि उत्तरादाखल जे सुरू केलं त्यातला एकही शब्द शरयूताईंना कळला नाही. बाई गावच्या, शाळा चार यत्ता. टीव्हीवरचं इटालियन त्यांना समजे, पण तोंड उघडलं की सिसिलियन. नीनो मध्ये मध्ये समजावून सांगत होता. मुक्ता प्रवासातून सर्दी-ताप घेऊन आली होती, ती नाक पुसत कोपऱ्यात बसली होती.

मी पुऱ्यांची दुसरी फेरी लाटत होते, तेवढ्यात शरयूताई आत आल्या आणि त्यांनी दार लोटून घेतलं. चेहरा पांढराफटक.

"तिनं माझ्या मुलीला मेस्कीना म्हटलं."

"म्हणजे?"

"म्हणजे कोत्या मनाची. क्षुद्र. हनुवटीला धरून तोंडावर म्हणाली, तेही दोनदा. माझ्या घरात, माझी पुरी हातात धरून."

मी म्हटलं, तुमची ऐकण्यात चूक झाली असेल. हे मी बोलायला नको होतं. "माझे कान फ्लॉरेन्सचे आहेत," त्या म्हणाल्या. "बोलीत ए चा इ होतो, एवढं मला कळतं. शब्द तोच. आणि मुक्ता काय करत होती माहितीये? हसली. नुसती हसली. म्हणजे तिला ह्याची सवय झाली आहे. लग्नाआधीच पोरगी हसून सोसायला शिकली गं."

थोड्या वेळानं त्या पुन्हा आत आल्या. आता दामले साहेबांनाही तेच म्हटलं होतं. शटडाऊनच्या बारा-बारा तासांनी सुकलेले ते गृहस्थ जेवता जेवता पेंगत होते, तर विहीणबाई त्यांच्याकडे बघून मान हलवत म्हणाल्या, मेस्कीनो. "आणि तुलाही म्हणाली," शरयूताईंनी सांगितलं. "तू गॅसपाशी घाम पुसत होतीस ना, तेव्हा दारातून बघून." तोपर्यंत मी विहीणबाईंची बाजू घेत होते. मग मात्र मलाही राग आला.

दुसऱ्या दिवशी गुरुवार. साखरपुडा शुक्रवारी. शरयूताई सकाळी माझ्या गाडीत बसल्या, अल मुंतझाला फुलं आणायला जायचं होतं. नेहमी त्या सिग्नलला उभ्या असलेल्या ट्रकवरच्या अक्षरांचं व्याकरण सांगत. त्या दिवशी एकाही ट्रककडे बघितलं नाही. अर्ध्या वाटेत म्हणाल्या, "दुपारी मी मुक्ताशी बोलणार आहे. म्हणणार, अजून वेळ गेलेली नाही. परक्या देशात जन्म काढायचा, आणि घरात अशी सासू. तिला नाही म्हणायचं असेल पण आमच्यासाठी म्हणत नसेल, तर? तिचा हा साखरपुडा मीच मोडते." मी म्हटलं, आधी मुक्ताला शब्दाबद्दल विचारा तरी. "विचारलं की ती सासूची बाजू घेणार. मीही घ्यायचे," त्या म्हणाल्या.

फुलांच्या दुकानाबाहेर एक मांजरी होती. दोहात मांजरांना तोटा नाही, पण ही एक पाय उचलून लंगडत होती. दुकानदारानं तिच्यापुढे माशाचं डोकं टाकलं होतं. पांढऱ्या पायघोळ झग्यातले एक वयस्क सुदानी गृहस्थ वाट काढून जाताना थांबले, वाकले, तिच्या हनुवटीखाली बोट घातलं आणि हळहळून म्हणाले, "मिस्कीना. वल्ला, मिस्कीना."

शरयूताईंच्या हातात शेवंतीची वेणी होती. ती तशीच राहिली.

"काय म्हणाले ते?"

"मिस्कीना. बिचारी," मी म्हणाले. "तुम्हीच तर दिवसातून दहा वेळा म्हणता. परवा लिफ्ट बंद पडली तेव्हा वॉचमनला म्हणालात, मिस्कीन."

"हनुवटी बघितलीस? हनुवटी कशी धरली बघितलीस?" आणि मग मला त्यांच्या चेहऱ्यावर गणित सुटताना दिसलं. सिसिलीवर अरबांनी दोन-अडीचशे वर्षं राज्य केलं होतं, हे त्यांनीच आम्हाला कधीतरी सांगितलं होतं. "अगं, हा शब्द अरबांबरोबर सिसिलीला गेला आणि तिथे बिचाराच राहिला," त्या फुलवाल्याच्या टेबलाला धरून म्हणाल्या. "पुढे उत्तरेला चढला आणि वाटेत कुठेतरी बिघडला. फ्लॉरेन्सला पोचेपर्यंत कोत्या मनाचा झाला. आणि मी इथे, दोहात बसून, फ्लॉरेन्सचे कान लावून ऐकतेय."

"पण तुम्ही मला मेस्कीना सांगितलंत. ती बाई काय म्हणाली होती?"

शरयूताईंनी आठवून बघितलं. "मिस्कीना," त्या हळूच म्हणाल्या. "मिस्कीनाच म्हणाली. मी शुद्ध करून सांगितलं तुला."

मग जे हसू सुटलं ते थांबेना. दोघी दुकानात वाकून वाकून हसत होतो. सुदानी गृहस्थ जरा बाजूला सरकले. दुकानदारानं दोन गजरे वर फुकट दिले, बहुतेक आम्ही लवकर जावं म्हणून. गाडीत बसल्यावर त्या रडल्या, तेही हसत हसत. मुलीला ताप आलेला बघून बिचारी म्हणणारी, थकलेल्या नवऱ्याला बिचारा म्हणणारी, आणि तळणीपुढच्या परक्या बाईचा घाम दिसणारी अशी विहीण कुठे मिळते, असं मला विचारत होत्या. मला तर फार बरं वाटलं. मला बिचारी म्हणणारं त्या घरात दुसरं कोणी नव्हतं.

घरी जाऊन त्यांनी विहीणबाईंना थेट स्वयंपाकघरात नेलं आणि एकेका वस्तूवर बोट ठेवायला सुरुवात केली. गुरू-शिष्य बदलले. चुलीला कोंचेत्ताबाई म्हणाल्या 'तन्नूरा', शरयूताई ओरडल्या, तंदूर. तिळाला 'जुज्जुलेना', ह्यावर रफीकभाईंनी फोनवरून खुलासा केला की अरबीत तीळ म्हणजे जुलजुलान. रथसप्तमी व्हायची होती, म्हणून घरात तिळाच्या वड्या होत्या. त्या बघून विहीणबाईंनी आपल्या बॅगेतून कागदात गुंडाळलेला तिळाचाच एक तुकडा काढला. त्यांच्याकडची वडी, नाव 'कुब्बाइता'. दोघींनी एकमेकींची खाऊन बघितली. दोघींचंही मत पडलं की आपली बरी. मुक्ताला झाला प्रकार रात्री कळला तेव्हा ती म्हणाली, "आई, तू मला आधी विचारलं असतंस तर?" त्यावर शरयूताईंनी तिला काढा प्यायला लावला.

साखरपुडा थाटात झाला. गच्चीवर वारा होता, मांडवाचं कापड फडफडत होतं. शरयूताई ताटं, नारळ, पाट, सगळं स्वतः उचलत होत्या. कोंचेत्ताबाईंनी त्यांना थांबवलं, त्यांच्याच पदरानं त्यांचं कपाळ टिपलं आणि म्हणाल्या, "मिस्कीना."

"आहेच मी," शरयूताई सगळ्यांकडे बघत म्हणाल्या. दामले साहेब म्हणाले, "बुओनो."

त्याच सुमारास माझ्या नवऱ्याची मस्कतला बदली ठरली. त्यामुळे पाहुण्यांना विमानतळावर पोचवायला गेले, ते शरयूताईंचं मला झालेलं शेवटचं दर्शन. नीनो, मुक्ता आणि कोंचेत्ताबाई टॅक्सीनं पुढे गेले होते, शरयूताई माझ्या गाडीत होत्या. वाटेत म्हणाल्या, "मी ही भाषा एका वाक्यासाठी शिकले, माहितीये? हौस वगैरे मी लोकांना सांगते. मुक्ता तिकडे गेली तेव्हाच मला कळलं होतं, ही परत यायची नाही. एक दिवस तिथल्या कुठल्या तरी बाईला सांगावं लागणार, की हिला सांभाळा. ते नीट सांगता यावं, एवढंच होतं मनात. आज सांगायचं."

आत जायच्या काचेपाशी सगळे उभे राहिले. मिठ्या झाल्या. शरयूताईंनी विहीणबाईंचे दोन्ही हात धरले, ताठ उभ्या राहिल्या आणि "सिन्योरा" म्हणून थांबल्या. पुढचं येईना. तोंड उघडलं, मिटलं. मी मनातल्या मनात ते वाक्य जुळवून बघायला लागले, मलाही जमेना. मग त्या एकदम म्हणाल्या, "सांभाळा हो हिला. सर्दी लवकर होते तिला. आणि बोलत नाही, काही झालं तरी बोलत नाही ती."

अस्सल नाशिकची मराठी. कोंचेत्ताबाईंनी क्षणाचाही विलंब न लावता उत्तर दिलं, लांबलचक, सिसिलियनमध्ये, एक हात स्वतःच्या छातीवर आणि दुसरा मुक्ताच्या डोक्यावर ठेवून. मुक्तानं अर्थ सांगण्यासाठी तोंड उघडलं, दोघींकडे बघितलं, आणि बॅग खांद्यावर घेतली.

ते आत गेले. आम्ही पार्किंगमध्ये आलो. शरयूताईंनी नाक पुसलं, पट्टा लावला.

"काय म्हणाली गं ती?"

"मला काय विचारता? तुम्ही बाई, मी विद्यार्थिनी."

"मला एक अक्षर कळलं नाही," शरयूताई म्हणाल्या, आणि इतक्या समाधानानं म्हणाल्या की मी गाडी सुरू करायची विसरले.